सीतेच्या अशोकाने मान टाकली? पाणी घालण्याआधी जून पानं बघा

फेब्रुवारी उजाडला की माझ्या फोनवर एकच फोटो वेगवेगळ्या घरांतून यायला लागतो. बाल्कनीतली कुंडी, तिच्यात कमरेएवढं रोप आणि शेंड्याला तांबूस पानांचे झुबके खाली लोंबताहेत. सोबत मजकूर असतो, "रोज पाणी घालते, तरी मान टाकलीये. काय करू?"

पुण्याच्या वेशीवर देशी झाडांची छोटी रोपवाटिका चालवायला लागून मला सोळा वर्षं झाली. या काळात सीतेच्या अशोकाची जेवढी रोपं दगावलेली पाहिली, त्यातली बरीचशी तहानेनं गेली नाहीत, पाण्यात बुडून गेली. बुडवणाऱ्या प्रत्येकाचा त्या रोपावर जीव होता, म्हणूनच जास्त वाईट वाटतं. सह्याद्रीतलं हे झाड सालीसाठी इतकं ओरबाडलं गेलंय की आंतरराष्ट्रीय निसर्ग संवर्धन संघाच्या लाल यादीत ते १९९८ पासून 'असुरक्षित' म्हणून नोंदलेलं आहे. घरात एक रोप जगतंय तर ते जगलंच पाहिजे, असं मला मनापासून वाटतं. त्यासाठी हे सगळं एका जागी लिहून ठेवते आहे.

आधी लक्षणं. तुमचं झाड यातलं नेमकं काय दाखवतंय ते ठरवा. एकाहून जास्त असतील तर तीही टिपून ठेवा.

- फक्त शेंड्याची कोवळी पानं मलूल, गुलाबी-तांबूस आणि लोंबलेली. खालची पानं ताठ आणि हिरवी.
- जून पानंसुद्धा खाली वळलेली, हाताला कोरडी किंवा चुरगळल्यासारखी.
- जून पानांची टोकं आणि कडा तपकिरी, करपलेल्या. दर उन्हाळ्यात हेच.
- पानं पिवळी, पण शिरा हिरव्या.
- पानं चिकट, खोडावर मुंग्यांची रांग, देठाशी कापसासारखे पांढरे पुंजके.
- फांद्या शेंड्याकडून खाली वाळत येताहेत.
- झाड छान आहे, वर्षानुवर्षं आहे, पण फूल नाही.

यातलं पहिलं लक्षण आजाराचं नाही. फोन मात्र सर्वात जास्त त्याचेच येतात. तपासण्या मी स्वतः ज्या क्रमानं करते त्याच क्रमानं खाली दिल्या आहेत. सुरुवातीच्या तीन-चार फुकट आहेत, शेवटच्या खर्चाच्या आणि कष्टाच्या. मधली एखादी वगळून थेट कुंडी उपसायला जाऊ नका.

झाड ओळखा

सोसायटीच्या कुंपणाला उंच, सरळसोट उभा, फांद्या खोडाला लगटून खाली सोडलेला जो अशोक दिसतो, तो हा नव्हे. त्याला खोटा अशोक म्हणतात, आणि तो सीताफळाच्या कुळातला आहे. त्याचं पान एकेकटं, लांबट आणि कडेला लाटा असलेलं असतं. तोही झुकलेल्या पानांचा असल्यामुळे घोटाळा होतो. सीतेचा अशोक चिंच-गुलमोहराच्या गोतातला, म्हणजे शेंगा धरणारा. त्याच्या एका देठावर पर्णिकांच्या चार-सहा जोड्या समोरासमोर असतात. कोकण-गोव्यापासून केरळापर्यंतच्या सदाहरित जंगलात तो सहा ते नऊ मीटरचं लहानसं झाड होतो. कुंडीत ठेवला तर वर्षानुवर्षं झुडूपच राहतो.

ओळख पटवणं इतकं आधी का, तर दोघांची काळजी वेगळी आहे. खोटा अशोक ऊन, धूळ, कठीण पाणी सगळं सोसतो. त्याच्या हिशेबानं सीतेच्या अशोकाला वागवलं की तो एका उन्हाळ्यात करपतो. कधी कधी रोपवाटिकेतून पिवळ्या फुलांचा मलेशियाकडचा अशोकही गळ्यात मारला जातो. त्याचीही कोवळी पानं अशीच लोंबतात आणि खालच्या बहुतेक तपासण्या त्यालाही चालतील. पण देशी म्हणून तो घेऊ नका.

लोंबताहेत ती पानं कुठली?

हीच खरी तपासणी. तुमच्यापैकी निम्म्यांचं काम इथेच संपेल.

आंब्याला पालवी फुटते तेव्हा ती तांबूस, मऊ आणि खाली झुकलेली असते. हे आपण लहानपणापासून बघतो, आणि त्या पालवीसाठी कुणी आंब्याला पाणी घालायला धावत नाही. अशोकाचं तेच आहे, फक्त फार ठळक. एका डोळ्यातून पानाचा अख्खा गोंडा बाहेर पडतो. सगळ्या पर्णिका एकमेकींना चिकटून, ओल्या रुमालासारख्या सरळ खाली लोंबतात. रंग आधी चॉकलेटी-तांबडा, मग फिका गुलाबी, मग पोपटी होत जातो. बोटांत धरलं तर रेशमाचा तुकडा धरल्यासारखं वाटतं, थंड आणि ओलसर. पान आकारानं पूर्ण झालेलं असतं, पण त्याला ताठ ठेवणाऱ्या पेशी अजून पक्क्या झालेल्या नसतात आणि हिरवं द्रव्यही पुरतं भरलेलं नसतं. तांबडा रंग कोवळ्या पानाला प्रखर उजेडापासून वाचवतो आणि असं अर्धकच्चं पान खाणाऱ्या अळीच्या पदरात फारसं काही पडत नाही, असं वनस्पतींचे अभ्यासक मानतात. नागकेशराचीही नवी पानं अशीच लाल आणि लोंबती असतात.

माझ्याकडच्या झाडांवर हे गोंडे उचलून ताठ व्हायला साधारण दोन ते तीन आठवडे लागतात. वर्षातून दोन-तीनदा अशी पालवी येते.

आता जून पान बघा. शेंड्यापासून खाली चौथं-पाचवं, गडद हिरवं, चकचकीत पान घ्या. त्याला खालून बोटानं उचला आणि सोडा. ते हलकं उसळून जागेवर आलं, हाताला चामड्यासारखं लागलं, तर झाड ठणठणीत आहे. शेंड्याला काहीही लोंबत असो, झारी खाली ठेवा. जून पानही ढिलं पडलं असेल, देठापासून लुळं असेल, तर मात्र पुढे वाचा.

कोथरूडच्या एका आजींनी मला तिसऱ्या मजल्यावर बोलावून घेतलं होतं. रोपाला त्या सकाळ-संध्याकाळ दोन तांबे पाणी घालत होत्या. "लेकराला ताप आल्यावर कसं होतं, तसं करतंय हो," म्हणाल्या. गोंडे तांबूस होते, तजेलदार होते. खालची पानं मात्र पिवळी पडायला लागली होती. रोप आणलं तेव्हा निरोगीच होतं, पण त्याच्या स्वभावाला आजार समजून केलेल्या उपचारानं ते खरंच आजारी पडलं होतं. ते आम्ही वाचवलं. कसं, ते मुळांच्या तपासणीत सांगते.

बोट मातीत घाला

तर्जनी दुसऱ्या पेरापर्यंत मातीत खुपसा. वरून कोरडी दिसणारी माती आत चिखल असू शकते, आणि वरून शिंपडून ओली केलेली माती आत खडखडीत असू शकते. आत कोरडं लागलं तर पाणी द्या, तेही कुंडीच्या बुडातून बाहेर येईपर्यंत. आत गार आणि चिकट लागलं तर पाणी बंद.

यावर भर द्यायचं कारण असं की तहानलेलं झाड आणि बुडालेलं झाड दिसायला सारखंच असतं. मुळांना पाणी ओढायला हवा लागते. मातीतल्या पोकळ्या पाण्यानं भरल्या की मुळं गुदमरतात आणि पाण्यात उभं असूनही झाडाची पानं सुकतात. माणूस पानं बघून आणखी पाणी घालतो, आणि तिथून झाड वेगानं खाली जातं.

कुंडी हातात घेतलीच आहे तर खालची ताटली काढून टाका. बुडाचं भोक बघा. फरशीला चिकटून किंवा मुळांनी बंद झालेलं असतं, तेव्हा काडी घालून मोकळं करा. कुंडीखाली विटेचे दोन तुकडे ठेवा म्हणजे हवा खेळते. एवढ्यानं दहा दिवसांत फरक पडलेली बरीच रोपं मी पाहिली आहेत.

ऊन आणि वारा

कडा करपत असतील तर दुपारी तीन वाजता झाडाजवळ जाऊन उभे राहा. तुम्हाला तिथे पाच मिनिटं उभं राहवत नसेल तर त्यालाही राहवत नाही.

माझं आजोळ चिपळूणकडचं. तिथे घरामागच्या पऱ्याच्या, म्हणजे ओढ्याच्या, काठाला एक अशोक होता. वर मोठ्या झाडांची सावली, पायाशी ओल, आणि हवा इतकी दमट की चैत्रातही त्याच्या पानाला करपलेली कड नसायची. त्याला हवं ते हेच. आपण त्याला देतो पश्चिमेची बाल्कनी. मागे तापलेली भिंत, समोरून एप्रिलचा कोरडा वारा, खाली फरशीची धग. पानातून पाणी उडण्याचा वेग मुळांकडून येणाऱ्या पाण्यापेक्षा जास्त झाला की सर्वात लांबचा भाग आधी सुकतो, म्हणजे टोक आणि कड.

कुंडी असेल तर पूर्वेला हलवा, सकाळचं ऊन आणि दुपारची सावली मिळेल अशी. इतर कुंड्यांच्या घोळक्यात ठेवा. जमिनीत असेल तर पहिली तीन वर्षं मार्च ते जूनच्या पहिल्या पावसापर्यंत पन्नास टक्क्यांची शेडनेट पश्चिमेच्या बाजूनं बांधा. बुंध्याभोवती वाळक्या पानांचं तीन-चार बोटं जाड आच्छादन द्या, पण खोडाला टेकू देऊ नका, नाहीतर साल कुजते. करपलेली कड पुन्हा हिरवी होत नाही. नवीन येणारं पान कसं येतं यावरून सुधारणा मोजा. करपलेली पानं उपटूही नका, उरलेला हिरवा भाग झाडाच्या कामाचा असतो.

पाणी कुठलं घालता?

हा प्रश्न मी विचारते तेव्हा समोरचे बुचकळ्यात पडतात. पाणी म्हणजे पाणी. पण सावलीत ठेवूनही, माती नीट असूनही कडा करपतच राहिल्या तर नव्वद टक्के वेळा मला उत्तर इथेच मिळालं आहे.

कुंडीचा काठ आणि मातीचा वरचा थर बघा. पांढरी किंवा पिवळट पापडी आहे? नखानं खरवडल्यावर पिठासारखी निघते? ते पाण्यातले क्षार. कुंडीतलं पाणी उडून जातं, क्षार तिथेच राहतात आणि दर झारीबरोबर वाढत जातात. झाड ते पाण्याबरोबर ओढतं, पाणी पानाच्या कडेतून उडतं आणि क्षार कडेला साचतात. तिथलं पान जळतं. कोकणातल्या पावसानं धुतलेल्या जांभ्या मातीत वाढणाऱ्या झाडाला याची सवयच नाही.

बोअरचं आणि टँकरचं पाणी हे नेहमीचं कारण. त्याहून वाईट म्हणजे आरओच्या, म्हणजे पिण्याचं पाणी शुद्ध करणाऱ्या यंत्राच्या, नळीतून बाहेर पडणारं टाकाऊ पाणी. ते वाया जाऊ नये म्हणून बादलीत साठवून झाडांना घालायची चांगली सवय पुष्कळ घरांत आहे. फरशी पुसायला, संडासात ओतायला ते उत्तम. पण पिण्याच्या पाण्यातून काढलेले क्षार त्याच नळीतून बाहेर पडत असतात. हडपसरकडच्या एका घरी मी टीडीएस, म्हणजे लिटरभर पाण्यात विरघळलेले क्षार मिलिग्रॅममध्ये, मोजला तेव्हा बोअरचं पाणी ९०० च्या आसपास होतं आणि आरओचं टाकाऊ पाणी १३०० च्या वर. पिण्याच्या पाण्यासाठी भारतीय मानक ५०० पर्यंत चांगलं मानतं. त्या घरातली कोरफड आणि बोगनवेल मजेत होती, अशोक मात्र पाचव्या वर्षीही गुडघ्याएवढाच होता.

टीडीएस मोजायचं पेनाएवढं यंत्र काही शे रुपयांत मिळतं. विकत घ्यायचं नसेल तर आरओ दुरुस्तीला येणाऱ्या माणसाकडे असतंच, त्याला एक ग्लास मोजून द्यायला सांगा. उपायाला फार खर्च नाही. पावसाळ्यात कुंडी सरळ पावसात ठेवा, चार मोठ्या सरी माती धुऊन काढतात. उन्हाळ्यात एसीचं पाणी साठवा. त्यात क्षार जवळजवळ नसतात. नगरपालिकेचं नळाचं पाणी मिळत असेल तर तेच अशोकासाठी राखून ठेवा. निचरा चांगला असेल तर महिन्यातून एकदा कुंडीच्या आकाराच्या तिप्पट गोडं पाणी सावकाश ओतून बुडातून वाहून जाऊ द्या, आणि त्यानंतर माती वाळेपर्यंत हात लावू नका.

नवीन कुंडी भरताना कोकोपीट, म्हणजे नारळाच्या काथ्याचा भुसा, वापरलं असेल तर तेही तपासा. स्वस्त कोकोपीटमध्ये मीठ राहिलेलं असतं. दोन-तीन वेळा पाण्यात भिजवून पिळून घेतल्याशिवाय मी ते वापरत नाही.

पानामागे

पान उलटं करा. कापसाचे पुंजके असतील तर पिठ्या ढेकूण, तपकिरी टिकल्या असतील तर खवले कीड. मुंग्या त्यांचा गोड चिकटा खायला येतात आणि त्यांची राखणही करतात. थोडी कीड असेल तर जुन्या दात घासायच्या ब्रशनं साबणाच्या पाण्यानं पुसून काढा. जास्त असेल तर लिटरभर पाण्यात ५ मिली कडुनिंबाचं तेल आणि साबणाचे थोडे थेंब घालून संध्याकाळी फवारा, आठवड्यानं पुन्हा. लोंबत्या कोवळ्या गोंड्यांवर फवारू नका, ती पानं डागाळतात.

कोवळ्या पानांना भोकं दिसली आणि छोट्या हिरव्या-गुलाबी अळ्या सापडल्या तर माझी विनंती आहे की त्या राहू द्या. निळ्या फुलपाखरांच्या काही जाती अशोकाच्या पालवीवर आणि फुलांवर वाढतात. कंबरेएवढ्या झाडाला दोन-चार गोंड्यांनी काही होत नाही.

पिवळी पानं, हिरव्या शिरा

हे नवीन पानांवर दिसलं तर लोह कमी पडतंय. मातीत लोह नसतं असं नाही, देशावरच्या चुनखडीच्या मातीत ते अशा रूपात अडकलेलं असतं की मुळांना उचलता येत नाही. म्हणून नुसतं शेणखत वाढवून भागत नाही, आणि युरिया घातला तर त्रास वाढतो. कुजलेल्या पानांचं खत भरपूर घाला, त्यानं माती हळूहळू आम्लतेकडे सरकते. तोवर आधार म्हणून कृषी सेवा केंद्रातून चिलेटेड लोह, म्हणजे मुळांना उचलता येईल अशा रूपातलं लोह, आणा आणि पाकिटावरच्या मात्रेनंच द्या. बांधकामाचा राडारोडा टाकलेली जागा असेल तर सिमेंट-चुना मातीत उतरलेला असतो. तिथे माती बदलणं हाच उपाय.

खालची जून पानं सरसकट पिवळी होऊन गळत असतील, तर तो पुन्हा पाण्याचा प्रश्न समजा आणि पुढच्या तपासणीला चला.

मुळं बघणं

इथपर्यंतचं सगळं करून तीन आठवडे थांबलात आणि जून पानं अजून लुळीच आहेत, तरच हे करा. मुळं उघडणं म्हणजे झाडाला धक्का असतो. संध्याकाळी, सावलीत, आणि शक्यतो एप्रिल-मे सोडून करा.

कुंडी आडवी करा, बाजूनं थोपटा आणि मातीचा गोळा सरकवून बाहेर काढा. खोड धरून ओढू नका. आधी वास घ्या. निरोगी मातीला पहिल्या पावसाचा वास असतो. नासक्या अंड्यासारखा वास आला तर मुळं कुजली आहेत. मग एक मूळ चिमटीत धरून हलकेच ओढा. चांगलं मूळ पांढरट-पिवळं आणि टणक असतं. कुजलेल्या मुळाची काळी साल मोज्यासारखी सरकून निघते आणि आतला बारीक दोरा तेवढा बोटांत राहतो. एकदा पाहिलंत की पुन्हा कधी चुकणार नाही.

आजींच्या रोपाचं निम्मं मूळ असंच झालं होतं. काळा भाग स्वच्छ कात्रीनं टणक भाग लागेपर्यंत कापला. जुनी चिकणमाती पूर्ण झटकून टाकली. दोन भाग लाल पोयटा, एक भाग पानखत आणि एक भाग जाड वाळू असं मिश्रण करून आधीपेक्षा लहान कुंडीत लावलं. लहान अशासाठी, की कमी मुळांना मोठ्या कुंडीतली ओल शोषता येत नाही आणि ती पुन्हा कुजतात. एक पाणी दिलं आणि रोप जिन्याच्या उजेडात ठेवलं. मी दर रविवारी आजींना फोन करून विचारायची, "बोट घालून बघितलंत का?" दोन महिने एकही नवीन पान आलं नाही. तिसऱ्या महिन्यात बोटभर लांबीचा चॉकलेटी गोंडा आला. या वेळी त्यांनी फोटो पाठवला तो तक्रार म्हणून नव्हता.

दुसरी गोष्ट दिसू शकते ती मुळांचा विळखा. रोपवाटिकेच्या काळ्या पिशवीत दोन वर्षं राहिलेल्या रोपाची मुळं गोल गोल फिरून स्वतःलाच आवळतात. बाहेरचा विळखा तीन-चार ठिकाणी उभा चिरा, बुडाची गुंडाळी कापा आणि मग लावा. हे न करता जमिनीत लावलेलं झाड पाच-सात वर्षांनी अचानक बसतं, आणि तेव्हा कारण कुणाच्या लक्षात येत नाही.

जमिनीतल्या झाडासाठी मुळं उपसायची गरज नाही, निचरा तपासा. झाडापासून चार हात दूर फूटभर खोल खड्डा खणून पाण्यानं भरा. मुरलं की पुन्हा भरा. दुसऱ्या खेपेचं पाणी दुसऱ्या दिवशी सकाळीही उभं असेल तर खाली काळी चिकणमाती किंवा कातळ आहे. असं झाड उंचवट्यावर हवं होतं. लहान असेल तर पहिले दोन-तीन चांगले पाऊस झाल्यावर, जुलैमध्ये, मोठ्या गोळ्यासकट काढून वरंब्यावर लावता येतं. लावताना खोड-मुळाचा सांधा जमिनीच्या वर राहू द्या. मातीखाली गेलेला सांधा हळूहळू कुजतो.

झाड छान आहे, पण फुलत नाही

जुन्या संस्कृत काव्यांत अशोकाला बहर यायला सुंदर स्त्रीच्या पायाचा स्पर्श लागतो. त्याला अशोकदोहद म्हणत. चैत्र शुद्ध अष्टमीला आमच्या आजोळी अशोकाच्या कळ्या पाण्यातून घ्यायची रीत होती, पंचांगात तिथीपुढे 'अशोककलिकाप्राशन' लिहिलेलं असतं. त्या दिवशी घरच्या झाडाला कळी असावी, ही इच्छा मी समजू शकते.

बियांचं रोप असेल तर वय विचारात घ्या. माझ्याकडची बियांची झाडं सहाव्या ते आठव्या वर्षी फुलली, गुटी कलमाची, म्हणजे मोठ्या झाडाच्या फांदीलाच मुळं फोडून केलेली, बरीच आधी. वय झालं असेल तर छाटणीची चौकशी करा. अशोकाची फुलं जुन्या फांद्यांवर, कधी थेट खोडावर येतात. पाकळ्या नसतातच, नारिंगी दिसतात ती चार निदलं, म्हणजे एरवी पाकळ्यांच्या बाहेर असणारी दलं, उमलताना पिवळसर आणि जुनी होताना लाल. सोसायटीचा माळी दिवाळीत सगळ्या झाडांचा एकसारखा गोल आकार करतो, तेव्हा नेमकी फुलणारी जुनी फांदी जाते. अशोकाला आकार देऊ नका. त्याच्या लोंबत्या फांद्या तशाच असू द्या, वाळकी तेवढी काढा.

याही पलीकडे अडचण असेल तर उजेड मोजा. दाट अंधारात झाड जगतं पण फुलत नाही, निदान सकाळचं तीन-चार तास ऊन हवं. आणि नत्राचं खत थांबवा.

इथे थांबा आणि जाणकाराला बोलवा

काही गोष्टी मीही स्वतः करत नाही. खोडावर भोक आणि खाली लाकडाचा भुसा दिसला तर आत खोडकिडा आहे. तारेनं कोचत बसण्यापेक्षा कृषी महाविद्यालयातल्या कीटकशास्त्र विभागाला किंवा जवळच्या कृषी विज्ञान केंद्राला फोटो दाखवा. खोडातून काळपट द्रव झिरपत असेल, किंवा फांद्या शेंड्याकडून एकामागून एक वाळत चार-सहा आठवड्यांत मुख्य खोडापर्यंत आल्या असतील, तर बुरशी आत शिरली आहे. अंदाजानं औषध ओतू नका, चुकीच्या औषधानं वेळ जातो आणि माती बिघडते.

एकाच बागेतली दोन-तीन झाडं सारखीच खराब होत असतील तर माती तपासून घ्या. कृषी विभागाच्या माती परीक्षण प्रयोगशाळेत किंवा कृषी विज्ञान केंद्रात नमुना देता येतो. कोकणात असाल तर दापोलीचं कृषी विद्यापीठ आहे. सामू (मातीची आम्लता, पीएच), क्षारता आणि चुनखडी या तीन गोष्टी आवर्जून मागा.

मोठं झाड झुकलं असेल, बुंध्याशी माती उकललेली असेल, तर त्याच दिवशी वृक्षतज्ज्ञाला बोलवा आणि खाली कुणाला थांबू देऊ नका. शहरात झाडाची फांदी तोडायलाही १९७५ च्या महाराष्ट्र झाडे संरक्षण व जतन कायद्याखाली वृक्ष अधिकाऱ्याची परवानगी लागते. माळी "करून टाकतो" म्हणाला तरी थांबवा.

आणि साल. अशोकाची साल औषधात जाते. देवळाच्या आवारातल्या, रस्त्याकडेच्या अशोकांची साल रातोरात काढून नेलेली मी तीनदा पाहिली आहे. एका बाजूची साल गेली असेल तर जखम उघडी आणि कोरडी ठेवा, शेण-मातीनं लिंपू नका, कडेनं ती हळूहळू भरून येते. पण खोडाच्या पूर्ण घेराची साल निघाली असेल तर पानात तयार झालेलं अन्न मुळांपर्यंत उतरत नाही आणि झाड काही महिने हिरवं दिसत राहूनही मरतं. अशा झाडाला जखमेच्या वरची आणि खालची साल काड्यांच्या पुलांनी जोडणारं कलम करणारा अनुभवी माणूस लागतो, आणि तो जखम ताजी असतानाच लागतो. पहिल्या दोन-तीन दिवसांत ओलं गोणपाट गुंडाळून जखम झाका, घेराचा आणि जखमेच्या उंचीचा फोटो काढा आणि फोन लावा. फोटोत एक कोवळा गोंडा आणि एक जून पान दोन्ही येऊ द्या. पलीकडचा माणूस जाणता असेल तर आधी तेच मागेल.